गोड्या पाण्याचा समुद्र

‘साता समुद्रापलीकडे’ असं आपण सहज बोलून जातो, पण सातांची नावं विचारली तर गाडी क्षीरसागराशी अडते. विष्णुपुराणाच्या दुसऱ्या अंशात ती ओळीनं दिली आहेत. पहिला खारा, मग उसाच्या रसाचा, मद्याचा, तुपाचा, दह्याचा, दुधाचा आणि सगळ्यांच्या बाहेर, अगदी शेवटी, साध्या गोड्या पाण्याचा.

ही यादी मला पूर्वी चुकीची वाटायची. तूप, दही, दूध अशी चढती पंगत मांडल्यावर शेवटी नुसतं पाणी का वाढायचं? उत्तर मापांत सापडलं. जंबुद्वीप एक लाख योजनं, त्याभोवतीचा खारा समुद्र तेवढाच रुंद. पुढचं प्रत्येक द्वीप आधीच्याच्या दुप्पट, आणि त्याला वेढणारा समुद्र त्या द्वीपाएवढा. म्हणजे १, २, ४, ८, १६, ३२ आणि शेवटचा ६४ लाख योजनं. पहिल्या सहांची बेरीज ६३ भरते. ऊस, मद्य, तूप, दही, दूध आणि मीठ हे सगळं एकत्र केलं तरी गोड्या पाण्याचा समुद्र त्याहून एक लाख योजनं रुंदच! दुपटीचा हिशेब म्हटला की शेवटचा आकडा असाच निघणार, हे खरं. पण शेवटच्या जागी कोणाला बसवायचं, हे ठरवणारा माणूस होता. त्यानं दूध बसवलं नाही, पाणी बसवलं.

का, ते खाडीकाठच्या माणसाला सांगावं लागत नाही. माझं आजोळ खाडीकाठी. चैत्र सरला की परसातल्या विहिरीचं पाणी मचूळ व्हायचं. त्यात डाळ शिजायची नाही, चहा खारट लागायचा. आजी पहाटे उठून वरच्या वाडीतल्या गोड्या विहिरीवर जायची आणि डोक्यावर हंडा, कमरेवर कळशी घेऊन परतायची. कळशीच्या तोंडावर ओलं फडकं असे. तांब्यातलं पाणी उष्टं सोडलं तर ती रागवायची नाही. ते अळवाच्या मुळाशी नेऊन ओतायची आणि आमच्याकडे नुसती बघायची. त्या बघण्याचीच धास्ती असे. आणि भरतीच्या वेळी समोरची खाडी बांधाशी येऊन चुळकाबुळका करत असायची. डोळ्यांपुढे पाणीच पाणी आणि प्यायला हंडाभर. अशा जागी बसून कोणी समुद्र कल्पिला, तर तो कसला कल्पील?

माझं म्हणणं एवढंच आहे, की कल्पनेतले समुद्र रिकाम्या भांड्यांतून उसळतात. महाभारताच्या अनुशासनपर्वातला उपमन्यू आठवा. एकदा कुठे गाईचं दूध चाखलेला पोर घरी येऊन दूध मागतो. आईजवळ गाय नाही. ती पीठ पाण्यात कालवून त्याच्यापुढे ठेवते. पोर ते तोंडाला लावतो आणि म्हणतो, हे दूध नाही. पुढे तो तप करतो आणि शंकर त्याला क्षीरसागरच देऊन टाकतो. एका वाटीची भरपाई करायला समुद्र लागला! या कथेतला शंकर मला तितका दिसत नाही, जितकी पीठ कालवणारी ती आई दिसते.

या समुद्रांची थट्टाही झाली आहे. १८३५ साली मेकॉलेनं शिक्षणावरचं आपलं टिपण लिहिलं, त्यात काकवीच्या आणि लोण्याच्या समुद्रांचा भूगोल सरकारी पैशानं का शिकवायचा, असा त्याचा रोख होता. भूगोलाच्या तासाला ते समुद्र शिकवू नयेत, हे मलाही मान्य. आपल्याकडेही त्याच्या सातशे वर्षं आधी भास्कराचार्यांनी सिद्धान्तशिरोमणीत पृथ्वी गोल धरली, आणि तरीही ते सहा समुद्र पुसून टाकले नाहीत. खाऱ्या समुद्राच्या दक्षिणेला, गोलाच्या पलीकडच्या अर्ध्या भागात त्यांना जागा दिली. मेकॉलेची चूक अशी, की त्यानं त्या समुद्रांचा फक्त नकाशा पाहिला, तहान पाहिली नाही.

तहान पुराणापुरती नाही. सी. एस. लुईसच्या ‘द व्हॉयेज ऑफ द डॉन ट्रेडर’ या १९५२च्या कादंबरीत जहाज जगाच्या पूर्व टोकाकडे निघतं. रीपिचीप नावाचा शूर, बोलका उंदीर समुद्रात उडी घेतो, आणि वर येऊन ओरडू लागतो की पाणी गोड आहे. तिथंही खारा समुद्र अलीकडे आणि गोडा अगदी कडेला. दूर प्रवासाचं बक्षीस म्हणून लुईसला सोनं सुचलं नाही, पिता येईल असा समुद्र सुचला.

आणि हे कल्पिणारे डोळे मिटून कल्पित नव्हते. तेच विष्णुपुराण सांगतं, की चुलीवरच्या भांड्यातलं पाणी तापून वर येतं तसा चंद्राच्या वाढीबरोबर समुद्र फुगतो. पाणी वाढत नाही की घटत नाही. भरती-ओहोटीचं माप दिलं आहे ५१० अंगुळं. चोवीस अंगुळांचा हात धरला तर एकवीस हातांहून थोडं अधिक, म्हणजे साडेनऊ मीटरच्या घरात. खंभातच्या आखातात मोठ्या उधाणाला पाणी दहा मीटरच्या आसपास चढतं. तुपाचा समुद्र सांगणाऱ्या ग्रंथात हे माप आहे. खऱ्या किनाऱ्यावर उभं राहून, खारं पाणी पायाशी घेऊनच पुढचे सहा समुद्र रचले गेले, असं मला त्यावरून वाटतं.

मालवणला गेलात तर होडीनं सिंधुदुर्गात जा. शिवाजी महाराजांनी १६६४ साली कुरटे बेटावर हा किल्ला बांधायला घेतला. चहूबाजूंनी खारा समुद्र, आणि आत गोड्या पाण्याच्या तीन विहिरी. त्यांची नावं दूधबाव, दहीबाव आणि साखरबाव.