बालोची वाट

सोशिकपणा हा सद्गुण होय, हे आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. परंतु एकाचे सोसणे दुसऱ्याच्या सोयीचे होऊ लागले, तर त्यास सद्गुण म्हणावे काय? मणि कौल यांच्या 'उसकी रोटी' या चित्रपटाने हा प्रश्न माझ्यापुढे ठेवला.

जोधपूर येथे १९४४ साली जन्मलेले कौल पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऋत्विक घटक यांच्या हाताखाली शिकले. मोहन राकेश यांच्या कथेवरून १९६९ साली त्यांनी हा चित्रपट केला; पैसा फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनचा, म्हणजे सरकारी. बसचालक सुच्चासिंगची पत्नी बालो रोज त्याची रोटी घेऊन सडकेवर उभी राहते. तो घरी येतो आठवड्यातून एकदा. एके दिवशी धाकट्या बहिणीवरच्या प्रसंगामुळे तिला उशीर होतो, आणि तो रागावून रोटी न घेताच गाडी हाकतो. कथा एवढीच.

येथे कोणी रडत नाही. संवाद सपाट स्वरात येतात, घडलेले आणि मनातले यांच्यातील सीमा पुसट होते, कॅमेरा हातांवर व चेहऱ्यावर खिळून राहतो. ही शिस्त कौलांनी फ्रेंच दिग्दर्शक रोबेर ब्रेसाँ यांच्यापासून घेतली. एका खेड्यातील आजारी धर्मगुरूच्या रोजनिशीवर १९५१ साली चित्रपट करणारे ते हेच ब्रेसाँ.

प्रेक्षक कंटाळले. जनतेच्या पैशाने जनतेला न कळणारे चित्र का काढावे, असा आक्षेप आला, आणि तो हसण्यावारी नेण्याजोगा नाही. तरीही मला वाटते, बालो रडली असती तर आपणही चार आसवे गाळून समाधानाने घरी गेलो असतो. कौल ती सवलत देत नाहीत. आपला कंटाळा हाच तिचा वेळ असतो.

आपल्या रत्नागिरीला हे परके नाही. पिढ्यान्‌पिढ्या येथील घरे मुंबईच्या मनीऑर्डरवर चालली. चाकरमान्यांच्या बायकांनी शेत, सासू, मुले सांभाळून वर्षाचे दिवस मोजले. त्यांच्या सोशिकपणाची आपण मुक्तकंठाने स्तुती केली. त्यांचे मत मात्र क्वचितच विचारले.

कौल पुढे ध्रुपद शिकले. 'घाशीराम कोतवाल' (१९७६) सहकारी पद्धतीने तरुणांनी मिळून केला, त्यात त्यांचाही वाटा होता. २०११ साली ते निवर्तले. पण वाट पाहणारी स्त्री त्यांना पुन्हा भेटली ती 'दुविधा'त (१९७३). विजयदान देथा यांच्या त्या कथेत नवरा व्यापारासाठी नववधूला सोडून जातो, आणि एक भूत त्याचे रूप घेऊन येते. आपण कोण हे ते तिला खरे सांगते; ती त्याला स्वीकारते. पुढे खरा नवरा परततो. गाव भुताला पकडवून मोकळे होते. तिला कोणी काही विचारीत नाही.