व्हेनिसच्या शिक्क्याआधी आणि नंतर

1937 साली व्हेनिसच्या महोत्सवात 'संत तुकाराम'चा गौरव झाला, हे पुण्यात अजून अभिमानाने सांगितलं जातं. सांगावंच. पण त्यात अभिमान चित्रपटाचा किती आणि व्हेनिसचा किती, हे सहसा कुणी विचारत नाही. पोर आजारी पडल्यावर हातात पायताण घेऊन देवळात पांडुरंगाला जाब विचारायला निघालेली तुकारामांची बायको मुंबईच्या प्रेक्षकांनी वर्षभराहून अधिक काळ डोक्यावर घेतली होती. दिग्दर्शक दामले-फत्तेलालांचं काम तिथेच सिद्ध झालं होतं. तरी 'जागतिक' म्हणवून घ्यायला इटलीची मोहोर लागली.

पुढे कित्येक वर्षं आशियाई चित्रपट जगात पोचला तो बहुतेक याच वाटेने. 1951 मध्ये कुरोसावाच्या 'राशोमोन'ला व्हेनिसला सुवर्णसिंह मिळाला, 1956 मध्ये 'पथेर पांचाली'ची कानला दखल घेतली गेली. जपानी दिग्दर्शक ओझूचं तर वेगळंच. त्याचे चित्रपट फारच जपानी, बाहेरच्यांना कळायचे नाहीत, असं ठरवून जपानी कंपन्यांनीच ते बराच काळ परदेशी पाठवले नाहीत. आपल्या घरातलं परक्याला काय कळणार, ही शंका आपल्याकडेही जुनीच.

'संत तुकाराम' काढणाऱ्या प्रभात कंपनीच्या पुण्यातल्या जागेवर 1960 मध्ये फिल्म इन्स्टिट्यूट आली, 1964 मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय. पी. के. नायर यांनी तिथे जमवलेल्या रिळांवर पुण्यातल्या दोन-तीन पिढ्यांची नजर घडली. त्यांचे उपकार मोठे. मात्र जपान आपल्याला तिथे भेटला तो बराचसा युरोपमार्गे, युरोपने वाखाणलेला.

दुसरी एक वाट होती, तिला आपण मोजलंच नाही. पुण्याजवळ लोणी काळभोरला ज्याची राजबाग होती, त्या राज कपूरचा 'आवारा' 1954 पासून सोव्हिएत प्रेक्षकांनी परीक्षकांना न विचारता आपलासा केला. 1998 मध्ये रजनीकांतचा 'मुत्थू' टोकियोत आठवडेच्या आठवडे चालला. याला आपण 'लोकप्रियता' म्हटलं, तेही जरा नाक मुरडून. 'जागतिक सिनेमा' हे नाव फिल्म क्लबच्या पत्रिकेपुरतं राखून ठेवलं.

कोरियाने ही विभागणीच मोडली. 1999 मध्ये तिथल्या सरकारने सांस्कृतिक उद्योगांसाठी कायदा केला, गाणी-मालिकांकडे निर्यातीचा माल म्हणून पाहिलं. मालिका आधी शेजारच्या देशांत गेल्या, मग सगळीकडे. 2012 मध्ये 'गंगनम स्टाइल' यूट्यूबवर शंभर कोटी वेळा पाहिलं गेलेलं पहिलं गाणं ठरलं. 2020 मध्ये 'पॅरासाइट'ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर मिळालं, तोवर फर्ग्युसन रस्त्यावरच्या मुलींना त्या शिक्क्याची गरज उरली नव्हती.

त्या मुली काय पाहतात, ते एकदा बघावं. 'रिप्लाय 1988' या मालिकेत सोलच्या एका गल्लीत संध्याकाळच्या जेवणाआधी प्रत्येक आई मुलाच्या हाती शेजारच्या घरी काहीतरी धाडते. तिथून बदल्यात दुसरं काही येतं, पोरं जिने चढउतर करून वैतागतात आणि शेवटी सगळ्यांच्या ताटात सगळ्यांचं असतं. सदाशिव पेठेतल्या वाड्यात वाढलेल्या आजीला यासाठी उपशीर्षकं लागू नयेत. ओझूच्या कंपन्यांना जी धास्ती होती ती किती पोकळ होती, हे या एका प्रसंगाने कळतं.

मग मराठीचं काय? 'कोर्ट' 2014 मध्ये व्हेनिसला गौरवला गेला, 'द डिसायपल' 2020 मध्ये पुन्हा व्हेनिसलाच. दोन्ही मोठी कामं, पण रस्ता अजून 'संत तुकाराम'चाच. आपलं सरकार मराठी चित्रपटाला अनुदान देतं, आणि तो मल्टिप्लेक्समध्ये बऱ्या वेळेला लागावा यासाठी आपण भांडतो. भांडण रास्त आहे, पण ते पुणे-मुंबईच्या पडद्यांपुरतं. वाड्यातल्या बिऱ्हाडांवर कुणी मालिका करायला बसलं, तर जाकार्तातल्या बाईला ती कळेल का, हा प्रश्न त्या बैठकीत निघत असेल असं मला वाटत नाही.