हासला बनारस नव्हतं

उल्हासनगरच्या कॅम्प पाचमध्ये जीन्स शिवायची आणि लेबल भलत्याच गावाचं लावायचं, ही थट्टा आता इथल्या लोकांनाही पाठ झाली आहे. तिथल्या एका दुकानात बदलापूरचा एक तरुण हिशेब लिहायला यायचा. मुळात तो पटकथालेखक; म्हणजे बॅगेत पटकथा होती, निर्माता नव्हता. एकदा शेठ म्हणाले, ‘लग्नसराईच्या सेलची जाहिरात लिही. रिक्षाच्या भोंग्यावर वाजवू.’

‘असलं मी लिहीत नाही, काका.’

शेठ रागावले नाहीत. त्यांचे वडील सिंधमध्ये मास्तर होते. फाळणीनंतर इथल्या लष्करी बराकीत आले आणि लोकलमध्ये पापड विकू लागले. पण ती गोष्ट या गावात सगळेच सांगतात, म्हणून शेठनी विली हासची काढली.

हास प्रागचा ज्यू. १९२५ मध्ये दिग्दर्शक पाब्स्टच्या ज्या मूकपटात ग्रेटा गार्बो होती, त्याची पटकथा त्याची. त्याच वर्षी बर्लिनमध्ये त्यानं साहित्याचं साप्ताहिक काढलं. १९३३ मध्ये हिटलर आला. साप्ताहिक सुटलं, बर्लिन सुटलं; हास प्रागला परतला. पुढे प्रागही नाझींच्या हाती गेलं. १९३९ मध्ये तो हिंदुस्थानात आला आणि मुंबईत दिग्दर्शक मोहन भवनानींसाठी हिंदी चित्रपट लिहू लागला.

‘याच भवनानींकडे १९३४ मध्ये हिंदी लेखक प्रेमचंदही चित्रपट लिहायला आले होते,’ शेठ म्हणाले. ‘वैतागले, वर्षाच्या आत निघून गेले. त्यांचं चुकलं नाही. त्यांना परतायला बनारस होतं. हासला कुठलं बनारस?’

‘मग नाव झालं इथे?’

‘नाव कसलं! युद्धानंतर जर्मनीत परतला. हॅम्बुर्गच्या दैनिकात समीक्षा लिहिली. काफ्कानं मिलेनाला लिहिलेली पत्रं १९५२ मध्ये संपादून छापली. आता कुणी आठवण काढलीच तर त्यासाठी. मुंबईचं कोण विचारतो?’

‘मग त्याला मिळालं काय?’

‘पोट चाललं. हात गंजला नाही.’

हे तरुणाला फारसं पटलं नसावं. पावतीपुस्तकाच्या मागे त्यानं दोन ओळी लिहिल्या, खोडल्या, पुन्हा लिहिल्या. मग मान वर न करताच विचारलं, ‘किती सेकंदांची हवी?’

‘वीस. आणि सिंधीतसुद्धा पाहिजे.’

‘मला सिंधी कुठे येते?’

‘हासला हिंदी येत होती?’ असं म्हणून शेठ गिऱ्हाइकाला छत्तीसची कंबर दाखवायला उठले.