टॉवेल कशासाठी?

थांब, भिंतीवरचे प्रिंट काढू नकोस. लावलेस ना, मग राहू देत तिथेच.

हे येलहंक्याच्या जुन्या गावातले काका. उभा जन्म वेल्डिंगमध्ये गेला, हे तूच मला कौतुकानं सांगितलं होतंस. मग ते वेल्डिंग गेलं कुठे? मनगटापासून कोपरापर्यंत ठिणग्यांचे डाग होते, तुझ्या कच्च्या फायलींत मी पाहिलेत. प्रिंटमध्ये एकही नाही. कॉम्प्युटरवर बसून एकेक पुसलास. वर अंगाला तेल चोपडलंस आणि तोंडावर काळा टॉवेल टाकलास. कारण काय, तर ‘चेहऱ्यामुळे फॉर्मवरचं लक्ष उडतं’. अरे, साठीचा माणूस तुझ्या शब्दाखातर कपडे उतरवून उभा राहिला आणि तुला त्याच्या चेहऱ्याची अडचण झाली?

छायाचित्रकार एडवर्ड वेस्टनचं नाव पुढे करू नकोस. १९३६ सालच्या त्या प्रसिद्ध फोटोतही चेहरा नाही, ठाऊक आहे मला. पण तिथे कॅरिस विल्सन मान खाली घालून, गुडघ्याला हातांचा वेढा घालून बसली आहे. चेहरा तिच्या बसण्यातच झाकला गेलाय, त्यासाठी वेगळं फडकं लागलेलं नाही. आणि एवढं करूनही तिच्या उजव्या हातावरची सावली वेस्टनला खटकत राहिली, असं तिनेच लिहून ठेवलंय. तिला स्वतःला खटकायचा तो केसांचा वाकडा भांग! इतकं बारकाईनं बघणारी माणसं ती. तुझ्या काकांच्या कमरेवर नाडीचा वळ तसाच राहिलाय. जन्माचे डाग पुसलेस आणि सकाळचा वळ ठेवलास! मॉडेलला आधी बराच वेळ सैल लुंगीत बसू द्यायचं असतं, हे कितीदा सांगायचं? अंगावर काटाही दिसतोय. जानेवारीतल्या सकाळी, गच्चीवरच्या खोलीत, गार फरशीवर उभं केलंस. पायाखाली सतरंजी तरी दिली होतीस?

आता मांडणी. काकांचा उजवा खांदा डाव्यापेक्षा खाली आहे. अख्ख्या शरीरात बोलकी जागा तीच. तू दोन्ही बाजूंना सारखे सॉफ्टबॉक्स लावून ती सपाट करून टाकलीस. एक दिवा बंद करून बघावंसं वाटलं नाही? भार दोन्ही पायांवर सारखा, पीटीच्या तासाला ‘सावधान’ म्हटल्यासारखा. एका पायावर भार टाकला असता तर कंबर कलली असती, कण्याला वळण आलं असतं, खांद्याच्या उताराला काही अर्थ आला असता. तिसऱ्या प्रिंटमध्ये हात नेमका मनगटावर कापलास. कापायचा तर सांध्याच्या वर काप नाहीतर खाली. सांध्यावर कापला की तुटल्यासारखा दिसतो. चोवीस एमएमची लेन्स घेऊन गुडघ्याशी गेलास, तर गुडघा भोपळ्याएवढा होणारच. बिल ब्रँटनेही वाइड लेन्समधून शरीरं ताणली, पण त्या कामावर अनेक वर्षं घालवली, तेव्हा कुठे १९६१ साली ‘पर्स्पेक्टिव्ह ऑफ न्यूड्स’ हे पुस्तक आलं.

आता खरं बोचेल ते सांगतो. तुझ्या या फोटोंचं नातं वेस्टनशी नाही, पोर्टमनशी आहे. १८९० च्या दशकात या इंग्रज अधिकाऱ्यानं अंदमानातल्या माणसांना चौकटींच्या पडद्यापुढे उघडं उभं करून मापं घ्यावीत तसे फोटो काढले. समोरून उभा माणूस, मागे पडदा. तुझ्या पडद्यावर चौकटी नाहीत, एवढाच काय तो फरक. याच बंगळुरात राहणाऱ्या पुष्पमाला एन. यांनी क्लेअर अर्नींबरोबर २००० ते २००४ मध्ये ‘नेटिव्ह वुमेन ऑफ साउथ इंडिया’ ही फोटोमालिका केली, त्यात तो चौकटींचा पडदा मुद्दाम पुन्हा टांगला. आणि त्यापुढे उभ्या कोण राहिल्या? स्वतः पुष्पमाला. तू त्या खोलीत एकदा तरी कपडे काढून, दिवे लावून, पाच मिनिटं उभा राहिलास? टायमर तुझ्या कॅमेऱ्यालाही आहे.

हे प्रिंट ज्युरीला जाणार नाहीत. आधी काकांना नेऊन दाखव, आणि डाग पुसलेले कसे वाटतात ते विचार. फोटो नकोत म्हणाले तर फायली त्यांच्यासमोर उडवायच्या, संमतीपत्रावर सही असली तरीही. हो म्हणाले तर त्यांच्या वेल्डिंगच्या दुकानात जा, दारातून येणाऱ्या उजेडात ते रोज जसे बसतात तसे बसू दे, आणि कपडे काढायचे की नाहीत ते त्यांना ठरवू दे. मानधन आधी द्यायचं. गुरुवारी मला कॉन्टॅक्ट शीट दाखव. निवडलेले फोटो नकोत, सगळे आण.