सरनोबती परत मिळाली नव्हती

पुष्पगुच्छ, पेढे, मागे फ्लेक्स. आता या सगळ्याचा रागही येईनासा झाला आहे. मतदारसंघाचा विकास, कार्यकर्त्यांचा आग्रह, श्रेष्ठींनी केलेली कोंडी ही पक्ष बदलण्याची कारणे पाळीपाळीने येतात. सांगणाऱ्याचाही त्यांवर विश्वास नसतो, म्हणून ती सोडून देता येतात. या वेळी मात्र सोडलेल्या पक्षात परत येताना थेट शिवाजी महाराजांचे सरनोबत, म्हणजे सेनापती, नेताजी पालकर यांना साक्षीला बोलावले गेले. नेताजीही गेले होते, परत आले, महाराजांनी त्यांना जवळ केले, मग आम्हीच काय पाप केले? टाळ्या पडल्या. फ्लेक्सवर ‘प्रतिशिवाजी’ हा शब्दही झळकला, त्यातली वेलांटी चुकलेली होती ते सोडा. पण कोणी इतिहासाचा दाखला दिला की आधी तारखा बघायच्या, ही या स्तंभाची जुनी खोड आहे.

नेताजी गेले कधी? पुरंदरचा तह जून 1665 मधला. त्या तहामुळे महाराज मोगल सेनानी मिर्झाराजे जयसिंगांच्या बाजूने आदिलशाहीविरुद्ध लढत होते, आणि जानेवारी 1666 मध्ये त्यांनी पन्हाळ्यावर रात्री हल्ला चढवला. नेताजी वेळेवर पोचले नाहीत. हल्ला फसला, हजारभर माणसे पडली असे बखर सांगते. प्रतापगडाखाली नोव्हेंबर 1659 मध्ये ज्यांचे घोडदळ अफजलखानाच्या फौजेवर तुटून पडले होते, त्या सरनोबताला महाराजांनी उशिराचा जाब विचारला आणि पदावरून दूर केले. नेताजी विजापूरकरांकडे गेले. मार्चमध्ये मिर्झाराजांनी त्यांना पाच हजारी मनसब आणि 38 हजार रुपये रोख देऊन मोगलांकडे ओढले. म्हणजे नेताजींचा राग होता तो झालेल्या शिक्षेचा. आपल्याकडच्या रागाचे कारण बहुधा उमेदवारी यादीत सापडते. ज्याने कधी पन्हाळाच लढवला नाही, त्याला उशीर तरी कशाला होईल!

यावर एक आवडते उत्तर येते : हे सगळे महाराजांनीच रचलेले नाटक होते, नेताजींना मुद्दाम मोगलांत पेरले होते. हे उत्तर आपल्याला गोड लागते, कारण आपल्या वीराला राग यावा, त्याने पैसे घ्यावेत, हे आपल्याला सोसत नाही. पण महाराज स्वतः त्याच मार्चमध्ये आग्र्याच्या वाटेला लागले होते. अशा वेळी आपला सर्वांत नावाजलेला सेनानी शत्रूच्या छावणीत ओलीस ठेवल्यासारखा सोडून जाणे, यात कसली चाल? साधी गोष्ट मान्य करायला हरकत नसावी. माणूस दुखावला आणि गेला. त्याने प्रतापगड पुसला जात नाही आणि पन्हाळाही झाकला जात नाही.

खरी गंमत परतीच्या दाखल्यात आहे. ऑगस्ट 1666 मध्ये महाराज आग्र्याहून निसटले. आता नेताजीही निसटतील या धास्तीने औरंगजेबाने त्यांना पकडण्याचा हुकूम धाडला. ऑक्टोबरमध्ये धारूरला ते कैद झाले, दिल्लीला नेले गेले. 1667 मध्ये कैदेतच धर्म बदलून ते मुहम्मद कुली खान झाले आणि त्यांची रवानगी पार काबूलकडे झाली. दिलेरखानाबरोबर दख्खनेत येईपर्यंत नऊ वर्षे उलटली. तेव्हा ते निसटून महाराजांकडे आले आणि जून 1676 मध्ये प्रायश्चित्त घेऊन पुन्हा स्वधर्मात आले. आता ही वाट आजच्या वाटेशेजारी ठेवून पाहा. धारूरच्या जागी रिसॉर्ट. पहारा आहे, पण तो पळू नये म्हणून नव्हे, ‘वाय’ दर्जाची सुरक्षा म्हणून. काबूलच्या जागी दुसऱ्या पक्षाचे उपाध्यक्षपद, तेही विनाकामाचे, म्हणून फार खडतर. आणि प्रायश्चित्त? गळ्यातले एक उपरणे काढायचे, दुसरे घालायचे. दोन्ही उपरणी एकाच दुकानातली असतील तर धुण्याचाही खर्च वाचतो.

आणि टाळ्यांच्या गडबडीत जे सांगायचे राहिले ते असे, की नेताजींना सरनोबती परत मिळाली नव्हती. ती प्रतापराव गुजरांकडे गेली होती. फेब्रुवारी 1674 मध्ये नेसरीला ते पडल्यावर हंबीरराव मोहित्यांकडे आली आणि 1687 मध्ये वाईजवळच्या लढाईत मरेपर्यंत हंबीररावांकडेच राहिली. परतलेल्या नेताजींसाठी हंबीररावांना कोणी बाजूला सरकायला सांगितले नाही. कोणी म्हणेल, क्षमा करायची तर मनापासून करावी, हातचे कशाला राखायचे? पण क्षमा आणि पद या दोन वेगळ्या वस्तू आहेत. महाराजांनी घराचे दार उघडले. दौलतीचे दार वेगळे होते, आणि तिथे मधली दहा वर्षे राबणारा माणूस उभा होता. आज नेमके उलटे होते. परतणाऱ्यासाठी आधी खुर्ची रिकामी होते आणि इतकी वर्षे सतरंज्या उचलणारा कार्यकर्ता त्या स्वागताच्याही सतरंज्या उचलतो. त्याच्या नावाचा फ्लेक्स कधी लागत नाही. त्यामुळे त्यात वेलांटीही चुकत नाही, एवढेच त्याचे सुख.

तरी कोणी कुठे जावे यावर रागवायचे वय या स्तंभाचे राहिले नाही. 1985 च्या पक्षांतरबंदी कायद्याला जे साधले नाही ते रविवारच्या पुरवणीला काय साधणार! जा, या, पुन्हा जा. फक्त नेताजींचे नाव घ्यायचे तर काबूलची नऊ वर्षे राहू द्या, नऊ महिने पदाविना पक्षात बसून दाखवा. फ्लेक्स तेव्हा लावू, शुद्धलेखन आम्ही तपासून देऊ.