वाटणीचे गणित



शाळेच्या गणितात वाटणीची शाब्दिक उदाहरणे असतात. 'राजूने आपल्या तीन मित्रांसह १२ पेरू सारखे वाटून घेतले. प्रत्येकाला किती?' पुष्कळ मुले चटकन चार म्हणतात. उत्तर आहे तीन. भागाकार चुकलेला नसतो; माणसे मोजताना राजूच राहून गेलेला असतो. चिंचोके घेऊन एकेक वाटायला बसवले की मुलांच्या ते ध्यानात येते. (स्वतःला विसरण्याची चूक मोठेपणी आपण सहसा करीत नाही!) आपण विसरतो ते दुसऱ्याला.

घरातलेच उदाहरण घेऊ. वडील मृत्युपत्र न करता देवाघरी गेले. त्यांच्या नावे २४ गुंठे वाडी. मागे आई, दोन मुलगे आणि दोन मुली. आपण पटकन म्हणतो, बारा-बारा. परंतु आपणा ख्रिस्ती लोकांना लागू असलेल्या १९२५ च्या भारतीय वारसा कायद्यानुसार आधी आईचा एक तृतीयांश, म्हणजे ८ गुंठे, बाजूला निघतो. उरलेल्या १६ ला चाराने भागायचे. मुलगा असो की मुलगी, प्रत्येकी चार गुंठे.

"तिच्या लग्नात सोने घातले ना?" असे लगेच ऐकू येते. वडिलांनी हयातीत जे दिले, ते हा कायदा हिश्शातून वजा करीत नाही. आणि मुलाच्या शिक्षणावर झालेला खर्च आपण कधी त्याच्या हिश्शातून वजा केला आहे का?

केरळात जुन्या त्रावणकोर कायद्याने मुलीला मुलाच्या हिश्शाचा चौथा भाग किंवा पाच हजार रुपये, यांतले जे कमी ते मिळे. मेरी रॉय सर्वोच्च न्यायालयात गेल्या आणि १९८६ साली तेथील ख्रिस्ती मुलींनाही समान वाटा मिळाला.

पवित्र शास्त्रात वारसांचा हा प्रश्न 'गणना' याच नावाच्या ग्रंथात येतो. सलाफहादच्या पाच मुली मोशेपुढे उभ्या राहिल्या. त्यांना भाऊ नव्हता. वडिलांचे नाव वतनातून गळणार होते. मोशेने परस्पर निकाल दिला नाही, त्याने गाऱ्हाणे परमेश्वरापुढे नेले. मुलींचे म्हणणे रास्त ठरले.

बहीण आपल्या खुशीने हिस्सा सोडणार असेल, तर तो तिचा मोठेपणा. मात्र हक्कसोडपत्रावर सही घेण्यापूर्वी, त्या कागदाने ती किती गुंठे सोडत आहे, तो आकडा आपण तिला सांगितलेला असावा.