लहानपणाचे मागणे

देवाकडे लहानपण मागणारा तुकोबांचा अभंग मराठी समाजात इतका रुळला आहे की त्याची पहिली ओळ आता अभंगातली ओळ म्हणून क्वचितच उच्चारली जाते. ती रोजच्या बोलण्यातले वाक्य होऊन बसली आहे, आणि बहुतेक वेळा ती येते गेलेल्या वयाची आठवण काढताना. शाळासोबत्यांच्या मेळाव्याची पत्रिका, बालदिनाच्या पुरवणीचा मथळा, नातवंडांचा खेळ पाहत बसलेल्या आजोबांचा उद्गार, अशा ठिकाणी ती हमखास सापडते आणि तेथे तिचा अर्थ एवढाच असतो की ते निर्धास्त दिवस पुन्हा मिळाले तर फार बरे होईल. अभंगातले मागणे हे नव्हे. शब्दाचा अर्थ काळाच्या ओघात सरकला, इतकीच ही बाब असती तर ती भाषेच्या अभ्यासकांवर सोपवून चालले असते. परंतु प्रार्थनेचा जेव्हा सुस्कारा होतो तेव्हा मागणारा, मागितलेली वस्तू आणि ज्याच्यापाशी मागायचे तो देव या तिघांमधले नातेच पालटते, आणि म्हणून हा प्रश्न मुळात धर्मविचाराचा आहे.

अभंग अगदी छोटा आहे. ज्याला छंदशास्त्रात ‘लहान अभंग’ म्हणतात, म्हणजे साधारण आठ-आठ अक्षरांचे दोन चरण यमकाने बांधून ज्याचे एकेक कडवे होते, त्या घाटात तो रचलेला आहे. पहिल्या कडव्यात मुंगीच्या वाट्याला आलेला साखरेचा कण आहे आणि दुसऱ्यात अंकुशाचा मार खाणारा ऐरावत. ऐरावताला तेथे रत्न म्हटले आहे, आणि हे विशेषण केवळ गौरवाचे नाही : समुद्रमंथनातून निघालेल्या चौदा रत्नांमध्ये पुराणांनी ऐरावताची गणना केली आहे, तो प्रत्यक्ष इंद्राचे वाहन आहे. म्हणजे तुकोबांनी दुःखाचे उदाहरण घेताना एखादा जेरीस आलेला, दुबळा प्राणी निवडला नाही. ज्याच्याहून मोठा हत्ती कल्पनेतही नाही असा हत्ती निवडला आणि माहुताच्या हातातले लोखंडी आकड्याचे आयुध त्याच्या मस्तकावर दाखवले. मार पडतो तो मोठेपणाच्या एखाद्या दोषामुळे नव्हे, तर मोठेपणामुळेच, हे यातून सांगायचे आहे. तिसरे कडवे तेच उघड शब्दांत सांगते, आणि नाममुद्रा असलेले शेवटचे कडवे, म्हणजे ज्यात कवी स्वतःचे नाव गुंफतो ते, लहानाहूनही लहान होण्याचा उपदेश करते. ऐरावताचे वय येथे कोणी विचारीत नाही, मुंगीचेही नाही.

मुंगी आणि हत्ती ही जोडी संतपरंपरेत जुनी आहे. नामदेवांची 61 पदे ज्यात समाविष्ट आहेत त्या शीखांच्या गुरु ग्रंथ साहिबात कबीरांचाही एक श्लोक आहे, आणि त्याचा आशय असा की साखर वाळूत सांडली तर हत्तीच्या सोंडेला ती निवडता येत नाही, मुंगीला येते, आणि हरी हा तसाच वेचून घ्यायचा आहे. या दृष्टान्तात लहान असणे ही सोय नाही, ती पात्रता आहे. तुकोबांच्या मुंगीलाही हाच वारसा आहे, आणि तिला मिळणारा कण सुखवस्तू बालपणाचा खाऊ ठरवला की हा सगळा वारसा नजरेआड होतो.

ओळ अभंगापासून सुटली कशी, हे समजणे अवघड नाही. अभंग गाताना आरंभीच्या ओळीकडे पुन्हा पुन्हा परतण्याची रीत आहे, त्यामुळे ती कानावर अनेकदा पडते आणि शेवटचे कडवे एकदाच. अभंगाची ओळखही त्याच ओळीने होते. गाथेच्या शेवटी दिलेल्या सूचीत अभंग आरंभीच्या शब्दांवरूनच शोधावा लागतो. त्यातच ‘पण’ हा प्रत्यय दुहेरी कामाचा. त्याने गुण सांगता येतो तशी अवस्थाही सांगता येते, आणि आजच्या मराठीत ‘लहानपणी’ व ‘मोठेपणी’ हे शब्द वयासाठीच पक्के झाल्यामुळे अभंगातले मोठेपणाच्या यातनांचे कडवेसुद्धा नोकरी, कर्ज आणि संसार यांच्या ओझ्याविषयीचे आहे असे कोणालाही सहज वाटावे. या वाचनाला अडवतात ती दोनच स्थळे, ऐरावताचे रत्न असणे आणि शेवटच्या कडव्यातला उपदेश. आणि नेमकी तीच विस्मरणात गेली आहेत.

बालपण म्हणजे सुखाचा काळ, ही समजूतही संतांच्या लेखनात गृहीत धरलेली नाही. दासबोधाच्या तिसऱ्या दशकात रामदासांनी मूल म्हणजे असहायता असेच चित्र काढले आहे : आई वरून कुरवाळते, पण आतली पीडा तिला कळत नाही आणि मुलाला ती सांगता येत नाही. शंकराचार्यांच्या नावावर असलेल्या मोहमुद्गर या स्तोत्रात बालपण खेळात गेल्याची गणना वाया गेलेल्या आयुष्यातच केली आहे. तुकोबांचे स्वतःचे बालपण देहूच्या खाऊनपिऊन सुखी घरात गेले, मग आईवडील गेले, पुढे 1630च्या सुमाराच्या भीषण दुष्काळात पहिली पत्नी अन्नावाचून गेली आणि व्यापार बुडाला. असा माणूस मागे वळून हळहळला असता तर ते स्वाभाविकच ठरले असते. परंतु आत्मचरित्रपर अभंगांत ते दिवाळे निघाले हे बरे झाले, दुष्काळाने पीडा दिली हेही बरे झाले, असे देवाला सांगतात. ज्याने गमावलेले परत मागितले नाही, तो गेलेले वय तेवढे परत मागेल, हे संभवत नाही.

या प्रश्नाचा सर्वांत नेमका विचार तुकोबांच्या आधी कितीतरी शतके वेदान्तात झालेला आहे. बृहदारण्यक उपनिषदाच्या तिसऱ्या अध्यायात कहोलाच्या प्रश्नाला उत्तर देताना याज्ञवल्क्य सांगतात की ज्ञात्याने पांडित्य पुरते संपादन करून मग ‘बाल्य’ धरून राहावे. हे बाल्य म्हणजे काय, यावर ब्रह्मसूत्रांच्या तिसऱ्या अध्यायाच्या चौथ्या पादात स्वतंत्र सूत्र आहे, आणि त्यावरील भाष्यात शंकराचार्य एकेक पर्याय तपासतात. बाल्य म्हणजे मुलाचे वय, असे म्हणावे तर वय इच्छेने संपादन करता येत नाही, आणि जे करता येत नाही ते करा असे शास्त्र सांगणार नाही. बाल्य म्हणजे मुलाचे स्वैर वागणे म्हणावे, तर ज्ञात्याला यथेच्छ वागण्याची मुभा देण्याचा हेतू या वचनात नाही. उरतो तिसरा अर्थ. मुलाला आपली थोरवी मिरवावीशी वाटत नाही. दंभ आणि दर्प यांचा त्याला स्पर्श झालेला नसतो. तसे ज्ञात्याने आपले ज्ञान, विद्वत्ता, धार्मिकता यांचे प्रदर्शन न मांडता राहावे. सूत्रात यासाठी ‘अनाविष्करण’ म्हणजे स्वतःला उघड न करणे ही कल्पना आहे. (उपनिषदावरील भाष्यात मात्र आचार्य बाल्य हा शब्द ‘बळ’ या अर्थाशी जोडतात आणि ज्ञानातून येणारे सामर्थ्य असा त्याचा अर्थ लावतात, एकाच भाष्यकाराला दोन्ही अर्थ सुचावेत, याला पुढे महत्त्व येते.)

शंकराचार्यांचा हा युक्तिवाद आजच्या वापराला जसाच्या तसा लागू पडतो. वय परत येत नाही हे ठाऊक असूनच ती ओळ उच्चारली जाते, त्यामुळे उच्चारणाऱ्यावर तिने काहीही जबाबदारी पडत नाही; वृत्ती मागितली तर मात्र मागणाऱ्यालाच काहीतरी सोडावे लागते. ज्ञानेश्वरीच्या तेराव्या अध्यायात ‘अमानित्व’ या लक्षणाचे, म्हणजे मानाची अपेक्षा नसण्याचे, जे सविस्तर वर्णन आहे त्यात सन्मान झाला की पारध्याने कोंडलेल्या हरणासारखा कासावीस होणारा आणि बृहस्पतीइतके ज्ञान असूनही महिमा वाढेल या भयाने वेडेपणात दडणारा पुरुष उभा केला आहे. अशी वृत्ती अंगी बाणवण्यात सुख फारसे नाही, निदान आरंभी तरी नाही. वारकऱ्यांमध्ये तिचा एक साधा अभ्यास अजून टिकून आहे : भेटीच्या वेळी दोघेही एकमेकांच्या पाया पडतात, वय आणि जात न पाहता, त्यामुळे सत्तरीचा वारकरी विशीतल्या पोराच्या पायांना हात लावतो आणि त्याला माउली म्हणतो. ज्याच्या अंगवळणी हे पडले आहे त्याला त्या अभंगाचा अर्थ वेगळा समजावून सांगावा लागत नाही.

तरीही प्रचलित अर्थ निव्वळ अज्ञानाचा म्हणून टाकून देणे अन्यायाचे होईल. थकलेल्या माणसाला मोठेपणाची टोचणी जाणवते, आणि जेव्हा ती नव्हती असा एकच काळ त्याच्या अनुभवात असतो, तो बालपणाचा. अंकुश त्याला कळलेला आहे. मुंगी होण्याचा रस्ता पुढे आहे हे तेवढे कळलेले नाही, म्हणून तो मागे पाहतो. शिवाय भक्तीत मूल होण्याला स्थान आहेच : विठ्ठलाला विठाई म्हणणारे तुकोबा स्वतःला तिचे लेकरू म्हणवतात, आणि हे लेकरूपण कोणत्याही वयात घेता येते.

याहून गंभीर आक्षेप वेगळा आहे. ज्यांना समाजाने आधीच लहान करून ठेवले आहे त्यांना आणखी लहान व्हा असे सांगणे म्हणजे अन्यायाला देवाची संमती मिळवून देणे नव्हे काय? हा आक्षेप बाजूला सारता येणार नाही, कारण नम्रतेचा उपदेश दुबळ्यांच्या माथी मारण्याची उदाहरणे इतिहासात पुष्कळ आहेत. परंतु तुकोबांचे लहानपण तसे नव्हते. आपल्याला कुणबी केले हे बरे झाले, नाहीतर दंभाने मेलो असतो, असे म्हणणारा हाच माणूस, वेदांचा अर्थ सांगण्याचा अधिकार शूद्राला नाही म्हणून जेव्हा त्याच्या अभंगांच्या वह्या इंद्रायणीत बुडवाव्या लागल्या तेव्हा, गुमान घरी जाऊन बसला नाही. तो तेरा दिवस अन्नपाण्यावाचून देवापुढे धरणे धरून राहिला, आणि त्या दिवसांच्या अभंगांत त्याने विठ्ठलाला खडसावून जाब विचारला आहे. ज्याच्याजवळ सांभाळायला मोठेपण नव्हते त्यालाच हे धाडस परवडले; आचार्यांनी बाल्याशी जोडलेले बळ ते हेच. शास्त्र्यांपुढे तो वादाला उभा राहिला नाही. लेकराने आईपाशी आळी घ्यावी, हट्ट धरून बसावे, तसा तो देवापाशी बसला आणि वह्या घेतल्यावाचून उठला नाही, असे परंपरा सांगते.